प्रतीक्षेतली म्हैस

म्हैस गेली. टेम्पोत चढल्यावर तिनं मागे वळून पाहिलं नसावं, कारण टेम्पोत म्हशीला वळायला जागा नसते. हे आधीच सांगून टाकलं, म्हणजे पुढे कुणी उगाच जीव मुठीत धरून बसायला नको. आता ते झालंच नाही असं धरून चालू. आमच्या घरात सध्या असंच धरून चाललंय आणि कुणाचं काही अडलेलं नाही. आप्पा जेवतात, आई भांडी आपटते, मी ऑफिसला जातो. म्हैस गोठ्यात उभी आहे, रवंथ करते आहे, आणि वाट चुकलेल्याला कुणीतरी मुद्दाम भलतीकडे हात दाखवावा तसं तिचं एक शिंग बाजूला दाखवतं आहे. त्या शिंगावरून तिचं नाव तिरपी. तर तिरपी आहे.

मी पंपांच्या कंपनीत, तक्रार विभागात. विहिरीतलं, टाकीतलं, तळघरातलं पाणी ओढणारे पंप आम्ही विकतो आणि ते पाणी ओढेनासे झाले की लोक आम्हाला फोन करतात. फोन लगेच उचलला तर लोकांना वाटतं, यांना दुसरा उद्योग नाही. म्हणून त्यांना जरा ताटकळत ठेवायची पद्धत आहे. त्या ताटकळण्यात मधूनमधून जो आवाज ‘थांबा’ म्हणतो, तो माझा. म्हणजे होता. त्या दिवशी सकाळी विभागप्रमुख बाईंनी आम्हाला सगळ्यांना त्यांच्या टेबलाभोवती गोळा केलं आणि फोन स्पीकरवर टाकला. फोनमधून एक मुलगी म्हणाली, ‘नमस्कार! अगदी थोडंसं थांबाल ना?’ तिच्या आवाजात इतका उत्साह होता, की पंप बिघडल्याबद्दल ती आपलं अभिनंदन करते आहे असं वाटावं. ‘ही कोण?’ कुणीतरी विचारलं. ‘कुणी नाही. यंत्र आहे,’ बाई म्हणाल्या. ‘लग्न ठरलंय का?’ माझ्या शेजारी बसणारा चष्मेवाला म्हणाला. बाईंनी त्याच्याकडे दुर्लक्ष केलं आणि माझ्याकडे वळल्या. ‘तू वाईट वाटून घेऊ नकोस हं. तुझ्या आवाजाबद्दल तक्रारी होत्या.’ मी म्हटलं, ‘कसल्या?’ ‘दमलेला वाटतो म्हणे. फोन करणारा आधीच दमलेला, त्यात आपण आणखी एक दमलेला माणूस त्याच्या कानात का सोडायचा?’ सगळे हसले. मीही हसलो, कारण एकटा न हसणारा माणूस अशा वेळी फार उठून दिसतो. पण माझं हसू सगळ्यांच्या आधी संपलं. चष्मेवाल्याला वाटलं, माझा अपमान झाला. तो म्हणाला, ‘जाऊ दे रे, आवाजच गेलाय, नोकरी नाही.’ त्याला काय माहीत की शहराबाहेर लांब एका सिमेंटच्या गोठ्यात त्याच क्षणी एक म्हैस माझ्या आवाजावाचून अडून उभी असेल. आणि मी सांगितलं असतं तरी त्याचा विश्वास बसला नसता. माझाही पहिल्यांदा बसला नव्हता.

आमच्याकडे म्हशी होत्या असं लोक म्हणतात, ते तितकंसं बरोबर नाही. म्हशींकडे आम्ही होतो. त्या उठल्या की आम्ही उठायचो, त्या निघाल्या की आप्पा निघायचे, त्या पाण्यात बसल्या की आप्पा काठावर बसायचे, आणि त्यांनी मनावर घेतलं की आम्ही संध्याकाळी घरी यायचो. माझं बालपण विचाराल तर ते मुख्यतः म्हशीच्या कुशीला कपाळ टेकून गेलं. हिवाळ्यात आख्ख्या घरात तेवढीच एक जागा ऊबदार असायची. आप्पा पलीकडून धार काढायचे आणि बोलायचे. ते माणसांशी फारसे बोलत नसत. माणसांशी बोलायचं ते सगळं त्यांनी म्हशींना सांगून टाकलेलं असे. ‘थांब. थांब जरा. आलोच.’ एवढंच, पुन्हा पुन्हा, खालच्या पट्टीत, वाक्य संपताना जरा खाली बसणारं. ‘आलोच’ हे कुणासाठी होतं ते मला कधी कळलं नाही. ते तर तिथेच बसलेले असत. पण मी कान तिच्या कुशीला लावलेला असल्यामुळे तो आवाज मला तिच्या आतून ऐकू यायचा, पोटातल्या गुडगुडीत मिसळून, आणि मला बरीच वर्षं वाटत होतं की म्हशी आतून माझ्या बापाच्या आवाजात बोलतात. ज्यांना जनावरं ठाऊक नाहीत त्यांच्यासाठी सांगतो : म्हशीच्या कासेत दूध असलं म्हणून ते आपलं होत नाही. तिनं ते सोडावं लागतं. त्याला पान्हा म्हणतात. एरवी आपल्या रेडकाला हुंगलं, त्याला चार घोट चोखू दिले, की ती सोडते. तिरपीचं रेडकू जन्मून थोड्याच दिवसांत गेलं. ती त्याची जागा हुंगत राहिली, आणि मग एका सकाळी आप्पांच्या आवाजाला तिनं पान्हा सोडला. तेव्हापासून तो आवाज हेच तिचं रेडकू. कावळा बसायला आणि फांदी मोडायला असं आई म्हणायची. आप्पा काही म्हणायचे नाहीत, पण त्या दिवसापासून ते परगावी मुक्कामाला राहिले नाहीत. आईच्या माहेरच्या लग्नांनाही नाहीत. आई अजून ती लग्नं मोजून दाखवते.

पुढे जे झालं ते सगळीकडे होतं तसंच झालं आणि कुणीही वाईट नव्हतं. गायरानाला भिंत लागली. भिंतीच्या आत काय होणार ते कुणालाच ठाऊक नव्हतं, बहुधा भिंतीलाही. तिच्यावर ‘जनावरांस मज्जाव’ असं मोठ्या अक्षरात लिहिलं होतं, पण म्हशींनी शिक्षणाकडे कधी लक्षच दिलं नाही, त्याला कोण काय करणार. डुंबायचं तळं बुजवलं आणि त्यावर बाकं टाकली. माणसं तिथे संध्याकाळी बसतात आणि इथे पूर्वी तळं होतं असं एकमेकांना सांगतात. शेजारच्या गोठ्यात आता मोबाइलची कव्हरं मिळतात. गव्हाण तशीच आहे, दगडी, जनावरांच्या गळ्यांनी घासून गुळगुळीत झालेली. तिच्यात कव्हरं मांडली आहेत, रंगांप्रमाणे. आमच्या म्हशी एकेक करून गेल्या आणि शेवटी तिरपी उरली, आणि एका म्हशीसाठी एक आख्खा माणूस. गावातली पोरं आप्पांना म्हणायची, ‘आप्पा, म्हैस तुम्हाला पाळते का तुम्ही म्हशीला?’ आप्पा म्हणायचे, ‘आळीपाळीनं.’ मग त्यांच्या घशात गाठ निघाली. घशाचा डॉक्टर फार सरळ माणूस होता. तो म्हणाला, ‘आवाज जाईल, माणूस राहील.’ आप्पांनी जरा विचार केला. हा सौदा उलटा करता येतो का असा तो विचार असावा. ऑपरेशनला आत नेताना ते आईला म्हणाले, ‘तिला पाणी दाखव.’ हे त्यांचे शेवटचे शब्द. जनावराला पाणी पाजण्याला आमच्याकडे पाणी दाखवणं म्हणतात. तिला तहान असेल तर ती पिते, नसेल तर बघते, जबरदस्ती नाही. मी दाराशीच उभा होतो. त्या शब्दांत माझ्यासाठी काही नव्हतं, हे मी लक्षात घेतलं, पण मनाला लावून घेतलं नाही. निदान असं धरून चाललो.

त्याच आठवड्यात कंपनीला ‘थांबा’ म्हणायला आवाज हवा होता. मी दवाखान्याच्या बाकावर रात्र काढून तसाच ऑफिसला आलो होतो. बाईंनी हातात कागद दिला : ‘आपण रांगेत आहात. आमचे प्रतिनिधी लवकरच आपल्याशी संपर्क साधतील.’ मी यंत्रापुढे उभा राहिलो, डोळ्यांपुढे कागदाची अक्षरं पोहायला लागली, आणि तोंडातून निघालं, ‘थांबा. थांबा जरा. आलोच.’ मी पुन्हा म्हणणार होतो, पण बाईंनी हात वर केला. ‘राहू दे. हेच राहू दे. हे ऐकून माणूस खरंच थांबतो.’ अशा रीतीनं आप्पांचा आवाज गेला त्याच आठवड्यात माझा आवाज नोकरीला लागला. मला तेव्हा काहीच कळलं नाही. आपण बापाच्या चपला घालून बाहेर पडलो आहोत हे कधी कधी रस्ता संपल्यावर कळतं, तसं ते होतं.

आई-आप्पांना गावाहून इकडे शहरात, माझ्या फ्लॅटवर आणलं. आप्पांच्या गळ्याला भोक, त्यावर पांढरं फडकं. बोलणं गेलं, पण जीभ शाबूत, आणि गुरं हाकायला लागणारे निम्मे आवाज जिभेचेच असतात. टाळूला जीभ लावून ‘टक्’ केलं म्हणजे चल. ओठांनी बारीक ‘प्रुच’ म्हणजे इकडे ये. ‘च्च’ म्हणजे नाही, चुकलं, मागे फीर. महिन्याभरात आख्खं घर त्यावर चालायला लागलं. आई पाणी घेऊन येताना ‘टक्’ ऐकू आलं की तिचे पाय आपोआप भराभर पडायचे आणि मग ती संतापायची. ‘जन्मभर म्हशींशी माणसासारखं बोलले, आता माझ्याशी म्हशीसारखं बोलतात. आणि मी मेली चालते पण त्यावर! पाय ऐकतच नाहीत माझं.’ आप्पा हसायचे, आवाज नसलेलं हसू, फडकं हलवणारं. लिफ्टमध्ये वरच्या मजल्यावरचे वकील दारात घुटमळत होते, तर आप्पांनी सवयीनं ‘टक्’ केलं आणि वकील आत आले. पुढे ते रोज आप्पांना नमस्कार करायला लागले. मला वाटतं, त्यांनाही बऱ्याच दिवसांत कुणी इतकं स्पष्ट काही सांगितलं नव्हतं.

तिरपी गोठेवाल्याला दिली. शहराबाहेर त्याचा मोठा गोठा आहे, सिमेंटची जमीन, वरून पंखे, म्हशींच्या कानात बिल्ले. माणूस वाईट नाही, फक्त घाईत असतो. आप्पांनी दोन्ही हातांनी एकच गोष्ट पुन्हा पुन्हा विचारली, ती मी बोलून दाखवली : ती इथेच राहील ना? ‘दूध देईल तोवर खुंट्यावरून हलणार नाही,’ गोठेवाला म्हणाला. ‘शब्द.’ ‘आणि नाही दिलं तर?’ मी विचारलं. ‘तर मग मी काय तिला वर्तमानपत्र वाचून दाखवू? टेम्पोवाला येतो, भाकड जनावरं घेऊन जातो. कुठे नेतो ते तोही सांगत नाही, मीही विचारत नाही. आमची मैत्री त्यावरच टिकून आहे.’ आप्पांनी ‘टक्’ केलं. सौदा झाला.

थोड्याच दिवसांत त्याचा फोन आला. ‘भाऊ, तुमची म्हैस संपावर गेली.’ मी म्हटलं, ‘मागणी काय आहे?’ ‘तेच तर सांगत नाही ना! कास तट्ट भरलीय, हात लावला की लाथ. पान्ह्याची सुई टोचायला माणूस आणला, तो आता माझ्याशी बोलत नाही, लंगडतो फक्त.’ मी आप्पांना घेऊन गेलो. त्या भेटीचं मला जे आठवतं ते बहुतेक सगळं कानांचं आहे. तिनं त्यांना लांबूनच ओळखलं. जवळ आले तसं हुंगलं, औषधाचा वास आला म्हणून फुरफुरली, तरी पुन्हा हुंगलं, आणि मग कान पुढे करून स्तब्ध उभी राहिली. वाट बघत. आप्पा कासेशी बसले, डोकं तिच्या कुशीला टेकलं आणि ओठ हलवले. थांब. थांब जरा. मला ते शब्द दिसत होते. गळ्याच्या भोकातून फक्त हवा येत होती, फुटक्या भात्यासारखी. म्हैस थांबली होती. तिनं इतकं थांबावं की आणखी कुणी थांबूच शकणार नाही. तिचे कान त्या हवेत काहीतरी शोधत होते आणि दूध वर, आतच, अडलेलं होतं. शेवटी मीच पुढे झालो आणि म्हणालो, ‘थांब, थांब जरा, आलोच.’ तिनं माझ्याकडे, विभागप्रमुख बाई उशिरा येणाऱ्याकडे बघतात तशा नजरेनं बघितलं आणि शेपूट तोंडावर मारली. मी विनवत होतो, हे जनावराला कळतं. विनवणाऱ्याला कुणीच काही सोडत नाही. परत येताना बस गच्च भरलेली होती. माणसं दारात अडून उभी होती, त्यांना आप्पांनी साधं ‘टक्’सुद्धा केलं नाही.

आणि मग गोठेवाल्याचा पंप बिघडला. आमचाच होता, बिघडणारच. मी त्या कंपनीत आहे हे त्याला माहीत नव्हतं. त्यानं तक्रारीचा नंबर लावला, बटणांचा जुना फोन, स्पीकर चालू करून गव्हाणीवरच्या कोनाड्यात ठेवला आणि शेण ओढायला लागला. संध्याकाळी मला त्याचा फोन आला तेव्हा त्याला धाप लागली होती. ‘भाऊ, तुम्ही पंपवाल्यांकडे काय करता?’ मी दचकलो. म्हटलं, ‘का?’ ‘तुमचा आवाज आहे ना तो, थांबा थांबा म्हणणारा? अहो, तिरपीनं कान टवकारले, मागचे पाय फाकवले, आणि धार! खाली बादली नाही, काही नाही! सगळं दूध सिमेंटवर! मी नुसता बघत उभा. आणि तेवढ्यात तुमच्या त्या बाईनं फोन उचलला अन् विचारते, काय तक्रार आहे? मी म्हटलं, तक्रार ही आहे की तुम्ही फोन उचलला!’ त्या दिवसापासून तो रोज धारेच्या वेळी तक्रार नोंदवायला फोन करू लागला. रांगेत त्याचा नंबर दिसला की मी तो तसाच राहू द्यायचो, चष्मेवाल्यालाही सांगून ठेवलं होतं की हा माणूस शिव्या देतो, हात लावू नकोस. तो ताटकळायचा, म्हैस दूध द्यायची, मग तो आपणहून फोन ठेवायचा. मी आयुष्यात केलेली ती एकमेव ग्राहकसेवा. आप्पांना सांगितलं तेव्हा त्यांनी माझा फोन मागून घेतला, नंबर लावायला लावला, आणि मांडीवर ठेवून ऐकत बसले. ‘थांबा. थांबा जरा. आलोच.’ त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, की मीच नजर चुकवली. मग ‘टक्’ केलं आणि फोन परत दिला. तिरपी विकली गेल्यापासून त्या दिवशी ते पहिल्यांदा पोटभर जेवले.

म्हणून त्या सकाळी, यंत्राच्या मुलीचं कौतुक ओसरल्यावर, मी बाईंच्या टेबलापाशी घुटमळलो. ‘जुना आवाज बाजूला कुठेतरी ठेवता येणार नाही का? एखाद्या वेगळ्या नंबरावर?’ ‘कशाला?’ ‘एका ग्राहकाला त्याची सवय झालीय.’ बाईंनी चष्मा वर केला. ‘कोण?’ ‘आहेत एक. वयस्कर आहेत.’ ‘मग त्यांनाही नव्याची सवय होईल.’ ‘त्या फारशा बोलत नाहीत. पटलं नाही की लाथ मारतात.’ ‘शी! असले ग्राहक आपल्याला नकोतच.’ मला खरं सांगता आलं असतं. पण खरं इतकं हास्यास्पद होतं, की ते गंभीर चेहऱ्यानं सांगायला जे बळ लागतं ते माझ्यात उरलं नव्हतं. ‘मग निदान त्याची एक प्रत मला द्या,’ मी म्हटलं. ‘कसली प्रत? नवा घातला की जुना पुसला जातो. जागा एकच असते.’ खुंटाही एकच असतो, मी मनात म्हटलं. जागेवर येऊन बसलो आणि विचार करत राहिलो की त्या आवाजाची नक्कल मी कधीच का काढून ठेवली नाही. पण ज्या गोष्टीचा आख्ख्या ऑफिसला, आख्ख्या गिऱ्हाइकांना कंटाळा आलाय, तिची नक्कल कोण काढतं? माणूस सूर्यास्ताचे फोटो काढतो, बापाच्या खोकल्याचे नाही.

संध्याकाळी गोठेवाला फोनवर ओरडतच होता. ‘ती कोण पोरगी ठेवलीय तुम्ही? थोडंसं थांबाल ना म्हणते! म्हैस बिचकली, बादलीच्या पार ठिकऱ्या केल्या. भाऊ, रविवारी टेम्पो येतो. मी माणूस वाईट नाही, पण कास सुजायला लागलीय, एकदा आटली की संपलं. त्याआधी आवाज पाठवा.’ जसं काही आवाज कपाटात घडी घालून ठेवलेला होता. घरी येऊन मी दार लावून बसलो आणि मोबाइलवर स्वतःला भरायला लागलो. ‘थांबा. थांबा जरा. आलोच.’ ऐकलं तर एखादा विमा विकणारा वाटला. पुन्हा म्हटलं. आता विमा न विकला गेलेला वाटला. दाराबाहेरून आवाज आला : ‘च्च’. दार उघडलं तर आप्पा स्टूल घेऊन बाहेरच बसले होते. आत आले, पलंगाच्या कडेला बसले, हनुवटीनं म्हणाले, म्हण. मी म्हटलं. ‘च्च.’ सावकाश म्हटलं. ‘च्च.’ खालच्या पट्टीत म्हटलं, तर त्यांनी तोंडच फिरवलं. शहाण्यासवरत्या वयाचा मी, पदवी घेतलेला, बापासमोर ‘थांब’ हा एक शब्द म्हणता येत नाही म्हणून घामाघूम झालो होतो. ते स्वतः म्हणून दाखवायला ओठ उघडायचे, हवा यायची, आणि मग स्वतःलाच ‘च्च’ करायचे. शनिवार संध्याकाळपर्यंत हेच. घसा बसला, डोळे चुरचुरायला लागले, आणि मला कळेना की मी म्हैस वाचवतोय, का नोकरी गेलेल्या आवाजासाठी रडतोय, का फक्त एकदा तरी त्या माणसानं ‘टक्’ करावं म्हणून झटतोय. शेवटी मी फोन बाजूला टाकला आणि भिंतीला डोकं टेकून डोळे मिटले. भिंत गार होती. स्वयंपाकघरातून आईनं हाक मारली, ‘अरे, किती वेळ? पानं वाढलीत, निवतंय सगळं!’ आणि मी डोळे न उघडता म्हणालो, ‘थांब गं. थांब जरा. आलोच.’

खोलीत काहीतरी बदललं. मी डोळे उघडले. आप्पांनी ‘च्च’ केलं नव्हतं, ‘टक्’ही केलं नव्हतं. त्यांचे डोळे मिटलेले होते, आणि मांडीवरच्या दोन्ही मुठी हलत होत्या, एक खाली, एक वर, एक खाली, एक वर, अंगठे आत दुमडलेले, धार काढतानाच्या त्या जुन्या चालीत. त्यांना ते ठाऊकही नव्हतं. आई हातात पळी घेऊन दारात आली आणि तिथेच खिळली. तिची नजर आप्पांच्या मुठींवर होती. तिनं मला काहीतरी खूण केली, मी ओळखली, उचल, फोन उचल. मी उचलला, बटण दाबलं आणि म्हणालो, ‘थांबा. थांबा जरा. आलोच.’ मुठी थांबल्या. आप्पांनी डोळे उघडले. ‘च्च,’ त्यांनी केलं, अगदी हळू, कुणाला लागू नये असं. जे आलं होतं ते आईसाठी आलं होतं. म्हशीसाठी बोलायला गेलो की ते येत नव्हतं. तरी रविवारी सकाळी मी गोठेवाल्याला फोन लावून मोबाइलवर भरलेलं तेच जसं होतं तसं वाजवलं, आणि तो पलीकडून म्हणाला, ‘बघतो भाऊ, लावतो तिच्या कानाला.’ मग बराच वेळ फक्त पंख्यांची घरघर ऐकू येत राहिली आणि कुठेतरी लांब एका बादलीचा आवाज. धारेचा होता की लाथेचा, ते मी ठरवलं नाही. मी फोन ठेवून दिला. दुपारी आप्पांनी हनुवटी वर केली, काय, म्हणून. मी म्हटलं, ‘बरी आहे.’ त्यांनी माझ्याकडे पाहिलं, बराच वेळ पाहिलं, आणि ‘टक्’ केलं. हेच ते ‘टक्’, ज्याच्यासाठी मी झटत होतो. ते खोट्याला मिळालं. आणि त्यांना ते खोटं ठाऊक असावं असं मला वाटतं, कारण संध्याकाळी त्यांनी बादलीभर पाणी भरून गॅलरीत ठेवलं आणि तिच्याकडे बघत उभे राहिले. आईनं नुसती बादली जरा सावलीत सरकवली.

सोमवारी ऑफिसात रांगेत पहिलाच नंबर गोठेवाल्याचा होता. ती धारेची वेळ नव्हती. मी उचलला. ‘भाऊ,’ तो म्हणाला, आणि त्याच्या आवाजात पहिल्यांदाच घाई नव्हती. ‘भाऊ, काल टेम्पो…’ मी म्हटलं, ‘थांबा. थांबा जरा. आलोच.’ ते अगदी नेमकं निघालं. आप्पांनी मुठी हलवल्या असत्या. तो थांबला, आणि मी बटण दाबून त्याला प्रतीक्षेत टाकला. आता तिकडे त्याच्या कानात ती मुलगी विचारत असेल, अगदी थोडंसं थांबाल ना? आणि माझ्यापुढे एक लहानसा हिरवा दिवा मिणमिणतो आहे. जोवर तो मिणमिणतो आहे तोवर गोठेवाल्यानं वाक्य पुरं केलेलं नाही, आणि वाक्य पुरं झालेलं नाही तोवर टेम्पो आलेला आहे, पण गेलेला नाही. पाण्यात म्हैस आणि वर मोल म्हणतात, तसं आमचं फोनात म्हैस आणि वर दिवा. चष्मेवाला म्हणाला, ‘अरे, तो कॉल घे ना, किती वेळ लटकवतोस?’ मी म्हटलं, ‘तो ग्राहक समाधानी आहे.’ आणि एक कोरा कागद ओढला. आमच्याकडे काहीही हवं असलं की लेखी द्यावं लागतं, आणि लेखी दिलं की त्याचं पुढे काय होतं ते मला इतर कुणाहीपेक्षा जास्त माहीत आहे, कारण तक्रार विभाग म्हणजे मीच.

प्रति,
मा. विभागप्रमुख, तक्रार विभाग.

विषय : प्रतीक्षेतील एक कॉल प्रतीक्षेतच ठेवण्याबाबत.

महोदया,

उपरोक्त विषयास अनुसरून विनंती करण्यात येते की, आज सकाळी प्राप्त झालेला व सध्या प्रतीक्षेत असलेला कॉल कोणत्याही कर्मचाऱ्याने उचलू नये, तोडू नये अथवा अन्य विभागाकडे वर्ग करू नये. अर्जदाराचा पूर्वीचा आवाज ओळीवर पुनःस्थापित होईपर्यंत सदर कॉल कायम ठेवण्यात यावा, आणि तोपर्यंत सदर म्हैस, एक शिंग बाजूस वळलेले, तिच्या खुंट्यावर उभी आहे असे सर्व संबंधितांनी समजावे. दरम्यानच्या काळात तिला पाणी दाखवण्याची व्यवस्था व्हावी, ही विनंती.